उपडा पेला आणि दुधीची भाजी

सर हॅरल्डनी पाण्याचा पेला हातानंच अडवला आणि हसून ‘नो, थँक यू’ म्हणाले, तेव्हाच माझ्या लक्षात आलं की आज काही खरं नाही.

घर हिराबाईंचं होतं. उरण रस्त्यावरून आत वळलं की खाडीच्या कडेला एक जुना कोळीवाडा लागतो, तिथलं. हिराबाई पायाला प्लास्टर घालून कॉटवर बसलेल्या. नाकात मोठी नथ, अंबाड्यात अबोलीचा वळेसर, आणि प्लास्टरवर कोणा नातवंडानं स्केचपेननं काढलेली होडी. सून ट्रे घेऊन उभी होती. तिनं एकदा सर हॅरल्डकडे पाहिलं, एकदा सासूकडे. मग तो पेला तिनं मुकाट्यानं सासूजवळच्या स्टुलावर ठेवला आणि आत गेली. मघापासून ‘या, बसा, पंखा लावते’ म्हणणारा हिराबाईंचा चेहरा एकदम बंद झाला. दुपारी दुकानाचं शटर पडतं तसा.

मी कोपऱ्यात मशीन लावत होते. आधी माझं काम सांगते, कारण बहुतेकांना ते टायपिंग वाटतं. मी ट्रान्स्क्रिप्ट रायटर आहे. सुनावणीत जो जे बोलेल ते त्याच क्षणी शब्दन् शब्द लिहायचं. माझ्या मशीनला टाइपरायटरपेक्षा खूप कमी बटणं असतात. पेटीवर सूर धरावेत तशी दोन-चार एकदम दाबायची, की अख्खा शब्द उमटतो. तो तिथल्या तिथे जजसमोरच्या स्क्रीनवर दिसतो. या कामाचा एकच मोठा नियम आहे. आपण तिथे असायचं, पण नसायचं. खोलीत भूकंप झाला तरी मी बोलायचं नाही. मला दोनच गोष्टी विचारायची मुभा असते. ऐकू आलं नाही तर ‘कृपया पुन्हा सांगा’, आणि कोणी न बोलता काही केलं, म्हणजे मान हलवली, बोट दाखवलं, रडलं, तर ‘हे रेकॉर्डवर कसं लिहू?’ माझी सासू म्हणते, ‘घरी पण असंच मशीन लावून बसत जा की.’

केस कोर्टातली नव्हती, लवादाची होती. लवाद म्हणजे दोन्ही बाजूंनी मिळून निवडलेल्या माणसापुढे चालणारा खासगी न्याय. एका परदेशी कंपनीला त्या खाडीत आपले बार्ज, म्हणजे मालाचे सपाट तराफे, उभे करायचे होते. कोळ्यांच्या सोसायटीशी तिनं करार केला होता: ज्या ज्या कुटुंबाची डोल जाळी जिथे लागते ती जागा सोडून आम्ही बार्ज उभे करू. डोल म्हणजे नरसाळ्यासारखं मोठं जाळं. पाण्यात रोवलेल्या खांबांना ते बांधतात आणि भरती-ओहोटीचा ओढा मासळी आत लोटतो. प्रत्येक घराची जागा पिढ्यान् पिढ्या ठरलेली. पण करारात एक बारीक कलम होतं. एखाद्या कुटुंबानं पूर्ण हंगाम जागा सोडली, तर ती कंपनीची.

हिराबाईंचे यजमान गेले त्या वर्षी त्यांच्या घरातलं कोणीच समुद्रावर गेलं नाही. कंपनी म्हणाली, जागा सोडली. कोळीवाड्यातले लोक म्हणाले, छे, आम्ही तिच्यासाठी तिच्या खांबांवर जाळी लावत होतो, मासळी तिच्या दारात पोचत होती. कंपनी म्हणाली, हे तुम्ही आज भांडण झाल्यावर म्हणताय. तुम्ही सगळे एकाच गावचे. आता मासळी खरंच त्या दारात पोचत होती का, हे सांगू शकणारं माणूस एकच, हिराबाई. तिनं सांगितलं नाही तर खांब उपटले जाणार आणि मुलगा-नातू खाडीच्या काठावर उभे राहून बार्ज बघत बसणार.

करारानुसार निवाडा देणारा माणूस परदेशातला हवा होता, म्हणून आले सर हॅरल्ड. इंग्लंडचे निवृत्त हायकोर्ट जज. उंच, किंचित वाकलेले, कानावर पांढरे केस, आणि बेलापूरच्या हॉटेलच्या गार हॉलमध्येसुद्धा कोटाची बटणं लावलेली. सुनावणीच्या काळात त्यांची पंचाईत अशी की जेवायच्या सुट्टीत ते दोन्हीकडच्या वकिलांशी बोलू शकत नव्हते. एकाशी बोललं तर दुसऱ्याला वाटणार काहीतरी शिजतंय. तटस्थ म्हणाल तर तिथे मी आणि दुभाषी मुकादम सर. मुकादम सर नमाजाला जात, म्हणून राहता राहिले मी. त्यामुळे एका इंग्रज न्यायाधीशाचं अख्खं चरित्र मी टोस्ट आणि उकडलेल्या अंड्याच्या साक्षीनं ऐकलं. ते रोज तेवढंच खात.

त्यांचे वडील बस कंडक्टर होते. इंग्लंडच्या उत्तरेकडच्या, धुरानं काळ्या पडलेल्या एका गिरणगावात. वडिलांना तिकिटाशिवाय कोणाला सोडणं माहीत नव्हतं, स्वतःच्या बायकोलाही. हॅरल्ड स्कॉलरशिपवर शिकले, वकील झाले. पहिल्या केसला घातलेला केसांचा टोप दुसऱ्याचा होता आणि तो इतका सैल होता की मान तुकवल्यावर तो जजच्या दिशेनं निघाला. मग वर्षानुवर्षं वकिली, मग एके दिवशी न्यायाधीश. तिथले मोठे जज गावोगाव फिरून खटले चालवतात. प्रत्येक गावात त्यांच्यासाठी एक सरकारी बंगला असतो, त्यात आचारी असतो, लांबलचक डायनिंग टेबल असतं.

‘आणि टेबलाच्या एका टोकाला मी,’ सर हॅरल्ड म्हणाले. (ते अर्थातच इंग्रजीत बोलत, इथे मी ते आपल्या भाषेत सांगतेय.) ‘गावात कोणाकडे जेवायला जायचं नाही. कोण कधी आपल्यासमोर उभा राहील सांगता येत नाही. सूप छान असायचं. पण छान आहे असं सांगायला कोणी नसायचं.’

आपल्याकडे म्हणतात ना, खाल्ल्या घरचे वासे मोजू नयेत. या माणसाचा आयुष्यभर धंदाच वासे मोजायचा. म्हणून त्यानं कुठे खाल्लंच नाही.

एकदा मी डब्यातली चकली पुढे केली. त्यांचा हात पुढे आला आणि मध्येच थांबला. सुट्टी संपल्यावर खुर्चीत बसताबसता त्यांनी दोन्ही वकिलांना विचारलं, ‘मिसेस जगदाळे यांनी मला एक चकली देऊ केली आहे. कोणाची हरकत?’ दोघांनी नाही म्हटलं. मी ते रेकॉर्डवर लिहिलं. मग त्यांनी ती चकली खाल्ली, डोळे मिटून. लवादाच्या इतिहासात चकलीची पहिली नोंद माझ्या हातून झाली असावी.

असा हा माणूस. हिराबाई घसरून पडल्या, पाय मोडला, हॉलपर्यंत येणं अशक्य झालं, तेव्हा हेच म्हणाले, ‘साक्षीदार कोर्टात येऊ शकत नसेल तर कोर्ट साक्षीदाराकडे जाईल.’ म्हणून आम्ही सगळे दोन गाड्यांत बसून, न्हावा शेव्याच्या कंटेनर ट्रेलरच्या रांगांतून वाट काढत, त्या कोळीवाड्यात येऊन बसलो होतो. आणि पोचल्या पोचल्या त्यांनी पाणी नाकारलं. त्यांच्या हिशेबानं ही सभ्यतेची परिसीमा होती. हिराबाईंच्या हिशेबानं भर घरात केलेला अपमान.

माझं माहेर साताऱ्याकडचं. आमच्याकडेही दोन घरांत वैर आलं की आधी एकमेकांकडचं पाणी बंद होतं. जो दारात येऊन पाणी नको म्हणतो, तो काय बोलायला आलाय ते आधीच ठरलेलं असतं. गंमत म्हणजे सोसायटीच्या वकील मेघना वानखेडे यांनी हिराबाईंच्या मुलाला फोनवर बजावलं होतं, की जजसाहेब काही घेणार नाहीत, आईला सांगून ठेवा. मुलानं सांगितलं नव्हतं. त्या घरात आईला ‘पाहुण्याला काही देऊ नको’ असं सांगायची कोणाची छाती होती!

साक्ष सुरू झाली. मेघना तरुण, नागपूरची, तयारी चोख. आदल्या दिवशी हिराबाईंनी तिला सगळी हकिगत मोकळेपणानं सांगितलेली. तिनं आत्मविश्वासानं विचारलं, ‘हिराबाई, तुमचे यजमान गेले त्या हंगामात तुमच्या खांबांवर जाळी लागत होती का?’

‘मना ठावं नाय.’

मुकादम सरांनी भाषांतर केलं. ते मूळचे उरणकडचेच, इंग्रजीचे निवृत्त शिक्षक; हिराबाईंची बोली त्यांना घरच्यासारखी.

मेघना गडबडली. ‘शेजारी तुमच्यासाठी जाळी लावायचे, बरोबर ना?’

‘ऑब्जेक्शन, लीडिंग,’ सबनीस साहेब बसल्या जागेवरून म्हणाले. लीडिंग म्हणजे प्रश्नातच उत्तर भरवणं. आपल्या साक्षीदाराला तसं विचारता येत नाही. सबनीस कंपनीचे वकील. फोर्टमध्ये ऑफिस, चांदीच्या फ्रेमचा चष्मा, घारे डोळे.

‘बरं. मासळी तुमच्या घरी येत होती का?’

‘याद नाय.’

मेघना हातातले कागद मागेपुढे चाळायला लागली. सबनीस साहेबांनी पेनाचं टोपण लावलं. त्यांना आता काही विचारायचीच गरज नव्हती. साक्षीदारानं स्वतःच्या तोंडानं सगळं धुऊन टाकलं होतं. अजून एक-दोन असे प्रश्न, की सर हॅरल्ड ‘थँक यू’ म्हणणार आणि जागा गेली.

मेघनाची नजर कागदांवर. सर हॅरल्डची स्क्रीनवर. खोलीत नेमकं काय बिघडलंय हे कळलेली माणसं दोन, मुकादम सर आणि मी. आणि त्या खोलीत तोंड उघडायला बंदी असलेली माणसंही तीच दोन! दुभाष्यानं शपथ घेतलेली असते की जे बोललं जाईल तेवढंच भाषांतरित करीन, पदरचं काही घालणार नाही. माझं तर सांगितलंच. मुकादम सरांनी माझ्याकडे पाहिलं, मी त्यांच्याकडे, आणि दोघांनी मूग गिळले. इतकी चिडले होते मी स्वतःच्या धंद्यावर, की काय सांगू. आतून बोंबील तळल्याचा वास येत होता. म्हणजे या बाईनं सगळ्यांसाठी, हो, कंपनीवाल्यांसकट सगळ्यांसाठी, स्वयंपाक मांडला होता आणि पाहुण्यानं पाणीसुद्धा नाकारलं होतं.

तेवढ्यात हिराबाईंनी स्टुलावरचा तो भरलेला पेला उचलला. शांतपणे खिडकीतल्या कुंडीत ओतला. आणि रिकामा पेला स्टुलावर उपडा घातला. टक्क.

शब्द एकही नाही. पण कृती झाली होती.

‘सर,’ मी म्हणाले. माझा आवाज मलाच अनोळखी वाटला. ‘साक्षीदारानं पाणी ओतून पेला उपडा घातला आहे. हे रेकॉर्डवर कसं लिहू?’

सबनीस म्हणाले, ‘पेल्याचा केसशी काय संबंध?’

सर हॅरल्डनी मान वर केली. पेल्याकडे पाहिलं, माझ्याकडे पाहिलं. ‘मिसेस जगदाळे, त्याला काही अर्थ आहे का?’

‘ते मी सांगू शकत नाही, सर. मी फक्त लिहिते.’

त्यांच्या डोळ्यांत काहीतरी हललं. मोठ्या माणसाची हुशारी इथे दिसते. दुसरा असता तर ‘सोडून द्या’ म्हणाला असता. ते म्हणाले, ‘मग जिला अर्थ माहीत आहे तिलाच विचारू. मिस्टर मुकादम, साक्षीदाराला विचारा, पेला उपडा का घातला?’

मुकादम सरांच्या चेहऱ्यावर इतका आनंद मी त्याआधी पाहिला नव्हता. त्यांनी विचारलं.

हिराबाई याचीच वाट पाहत होत्या. ‘ह्यो सायब माझे घरान आला आनी पानी नको बोल्ला. पानी कोन नको बोलतो? ज्याचे मनान आधीच पाप हाय तो. मंग मी कनाला बोलू? सांगून काय उपेग? त्याचा ठरलाय.’

भाषांतर झालं. सर हॅरल्डनी चष्मा काढला. गोरा माणूस लाल होतो म्हणतात, ते मी समोर पाहिलं.

‘तिला सांगा,’ ते हळू म्हणाले, ‘की मी तिचं पाणी प्यालो आणि निकाल तिच्या बाजूनं दिला, तर हे सबनीस म्हणतील, जज पाण्याला जागला. तिच्याच निकालाला डाग लागेल. म्हणून नको म्हटलं. राग म्हणून नाही.’

हिराबाईंनी ऐकून घेतलं. यजमान गेल्यावरही न उतरवलेली नथ सावरली. विचार केला. ‘म्हंजे एकाच बाजूचा नको, हा ना?’

‘हो.’

‘मंग सोप्पा हाय. ह्या सायबालापन देते. सगल्यांना देते. चूल त्याचेसाठीच पेटवली ना मी!’

सबनीस उभे राहिले. ‘सर, सर्वांना दिलं तरी देणारी बाजू एकच राहते.’ मुद्दा कायद्यानं बरोबर होता. पण मी त्यांच्या अगदी जवळ बसले होते, आणि बोलताना त्यांची मान स्वयंपाकघराकडे वळत होती. सबनीस म्हणजे मासेखाऊ कायस्थ. तळलेल्या बोंबलाच्या वासात उभं राहून बोंबलाविरुद्ध युक्तिवाद करणं, यालाच व्यवसायनिष्ठा म्हणतात.

मुकादम सरांनी हरकत समजावली. हिराबाई थेट सबनीसांना म्हणाल्या, ‘तुमी दुपारचा काय खाता?’

‘मी? डबा आहे गाडीत.’

‘मंग तो आना हितं. तुमचा डबा, आमचा हांडा. दोनी बाजू झाल्या. झाला ना?’

सर हॅरल्डनी दोन्ही वकिलांकडे पाहिलं. ‘कोणाची हरकत?’

‘नो ऑब्जेक्शन,’ मेघना म्हणाली.

‘नो ऑब्जेक्शन,’ सबनीस म्हणाले, आणि मग आवाज खाली आणून, ‘पण सर, डब्यात दुधीची भाजी आहे.’

‘हे रेकॉर्डवर घेऊ?’ मी विचारलं.

‘अवश्य,’ सर हॅरल्ड म्हणाले.

आधी पाण्याचं मिटलं. हिराबाईंनी पेला सुलटा केला. अर्धा पेला त्यांच्या कळशीतलं, अर्धा सबनीसांच्या बाटलीतलं, असं एकत्र ओतून सर हॅरल्ड ते उभ्यानं, एका दमात प्यायले. मेघनाला त्यांच्या पोटाची काळजी. हिराबाईंनी मिश्रणाकडे जरा नाखुशीनं पाहिलं, पण म्हणाल्या, ‘घरचा हाय ना त्यात? मंग चालल.’ आणि प्लास्टरचा पाय नीट करून कॉटवर टेकून बसल्या. ‘हां. आता इचार गं पोरी.’

मेघनानं पुन्हा पहिल्यापासून विचारलं. आता धरण फुटल्यासारखं झालं. घोव गेला तेव्हा घरात कोणालाच पाण्याकडे बघवत नव्हतं. मुलगा भिंतीकडे तोंड करून पडून असायचा. पण ओहोटी झाली की दारात मासळीची टोपली. ‘कोन ठेवून जायाचा ता बघूपन देत नवते. मी लाजंन म्हनून. मी आतून आवाज ऐकाचे, टोपली ठेवल्याचा. त्या आवाजावर मी जगली त्या वर्षाला.’ 

मग सबनीस उलटतपासणीला उठले. वासावर मन जडलं तरी माणूस कामाचा पक्का.

‘त्या हंगामात तुमच्या घरातलं एकही माणूस जाळ्यावर गेलं नाही?’

‘नाय.’

‘एकही दिवस?’

‘नाय ना. सांगितला ना.’

‘म्हणजे तुमच्या कुटुंबानं ती जागा सोडली होती.’

हिराबाईंनी सबनीसांकडे पाहिलं. रागानं नाही, आपल्या मुलाकडे बघावं तसं.

‘सायबा, तुमचे घरान मयत झाली तं चूल पेटवता काय?’

प्रश्न विचारायचे ते वकिलानं; पण सर हॅरल्डनी अडवलं नाही. सबनीसांनीच उत्तर दिलं. ‘नाही.’

‘मंग उपाशी ऱ्हाता?’

‘नाही. शेजारपाजारचे आणून देतात.’

‘मंग तुमी घर सोरला काय?’

माझी बोटं मशीनवर तशीच थांबली. शांततेला माझ्या मशीनवर बटण नाही. सबनीसांनी पेन खिशाला लावलं, हिराबाईंकडे बघून मान तुकवली आणि म्हणाले, ‘नो फर्दर क्वेश्चन्स.’ नंतर जाताना मला म्हणाले, ‘हरलो तर अशा साक्षीदाराकडून हरावं.’

आणि मग जेवण. खाली चटया, सर हॅरल्डना एक खुर्ची. ती त्यांनी नाकारली आणि कसेबसे, पाय दुमडत, कोटासकट खाली बसले. तांदळाची भाकरी, बोंबील, कोलंबीचं कालवण, भात. मध्यभागी, मानाच्या जागी, सबनीसांचा स्टीलचा डबा. सर हॅरल्डनी एक बोंबील खाल्ला आणि न चुकता एक चमचा दुधी. दुसरा बोंबील, दुसरा चमचा दुधी. तिसऱ्या बोंबलाला त्यांचा हात गेला, त्यांनी दुधीकडे पाहिलं, आणि थांबले. न्यायाची किंमत मोजावी लागते. हिराबाई कॉटवरून हसून हसून लोळायच्या बेतात. ‘अरे खा बाबा, भाजी नको खाऊस, मी नाय सांगनार कोनाला!’ मुकादम सरांनी हेही इमानदारीत भाषांतरित केलं. सर हॅरल्डनी निग्रहानं आणखी एक चमचा दुधी घेतला, मग तिसरा बोंबील. सबनीसांनी स्वतःच्या डब्याला हातही लावला नाही. ते कोलंबीवर होते.

हात धुताना सर हॅरल्ड माझ्याजवळ आले. ‘मिसेस जगदाळे, ऑफ द रेकॉर्ड.’ म्हणजे हे लिहायचं नाही. मी दोन्ही हात वर करून दाखवले. ‘माझ्या अख्ख्या कारकिर्दीत, माझ्यासमोर न्याय मागायला आलेल्या माणसानं मला कधी जेवू घातलं नव्हतं. मला वाटायचं, ती या कामाची किंमत आहे. असेलही. पण आज...’ पुढे त्यांना शब्द सापडला नाही. इंग्रजीत तो नसावा. मला इतका आनंद झाला होता की मी त्यांना विड्याचं पान दिलं आणि हरकत विचारायला विसरले. त्यांनीही विचारलं नाही.

काही महिन्यांनी निकाल आला. जागा हिराबाईंची. सर हॅरल्डनी लिहिलं होतं की शेजाऱ्यांच्या हातानं राखलेलं घर हे सोडलेलं घर होत नाही. कंपनीनं अपील केलं नाही. बार्ज दुसरीकडे लागले आणि हिराबाईंच्या खांबांवर पुन्हा डोल चढली, आता मुलाच्या हातानं.

गोष्ट इथे संपली असती. पण पुढच्या थंडीत मला सीवूड्सच्या घरी फोन आला. सर हॅरल्ड आले होते, सोबत पत्नी मार्गारेट. केस संपली, मुदती संपल्या, आता ते कोणाचेच जज नव्हते. ‘आम्हाला हिराबाईंकडे जायचं आहे. वाट तुम्हाला माहीत आहे,’ म्हणाले. मार्गारेटबाई गाडीत मला म्हणाल्या, ‘हा कोणाच्या घरी जेवायला गेला की कोर्टात बसल्यासारखा बसतो. मी आयुष्यभर सांगून थकले. इथे काय जादू झाली ते मला बघायचंय.’

हिराबाई या वेळी दारात उभ्या होत्या, दोन्ही पायांवर. पाणी आलं, पूर्ण पेला, एकाच कळशीतलं. पानं वाढली. सर हॅरल्ड खाली बसले, बोंबील उचलला, आणि इतक्या वर्षांची सवय जाते थोडीच! हात हवेत थांबला. त्यांनी माझ्याकडे पाहिलं, मुकादम सरांना शोधल्यासारखं इकडेतिकडे पाहिलं, आणि म्हणाले, ‘कोणाची हरकत?’

भाषांतराची गरज पडली नाही. हिराबाई ओरडल्या, ‘आता कोनाला इचारतंस? जेव गप!’

ते जेवले. मान खाली घालून, पोटभर, कोणाच्याही परवानगीशिवाय. मार्गारेटबाई त्यांच्याकडे बघत राहिल्या आणि मग पदर नसल्यामुळे रुमालानंच डोळे पुसले.

आमच्या धंद्यात नव्यानं येणाऱ्या मुली मला विचारतात, मॅडम, एखादी टिप द्या. मी सांगते, आपल्याला बोलायची परवानगी नसते, हे लक्षात ठेवा. पण ‘हे कसं लिहू?’ एवढं विचारता येतं. बहुतेक वेळा तेवढं पुरतं. आणि घरातून निघताना डब्यात दुधी असेल तर ते कोणाला सांगू नका.